पिवळी चरबी

हेस्टर पास्को चिडली की सुऱ्यांना धार लावायला घेते. गेल्या वर्षभरात तिची एकही सुरी बोथट राहिली नाही.

वडिलांमागे खाटकाचं दुकान तिच्याकडे आलं आणि टेकडीवरची कुरणं धाकट्या भावाकडे, लॉर्नकडे. तो गुरं वाढवायचा, ती विकायची. ऑस्ट्रेलियातल्या गिप्सलंड भागातल्या आमच्या या गावात मांसाची चौकशी कुणी करत नसे. गुरांनी काय खाल्लं ते रस्त्यावरूनच दिसायचं.

शेजारच्या गावात सुपरमार्केट निघालं आणि निम्मी गिऱ्हाइकं तिकडे वळली. मग दुकान तगलं ते इमोजेनच्या जिवावर. इमोजेन मेलबर्नहून आलेली, जुन्या बँकेच्या इमारतीत तिने रेस्टॉरंट थाटलेलं. दारातल्या फळ्यावर तिने ठळक लिहिलं होतं : फक्त गवतावर वाढलेलं बीफ. तिची मागणी गेली असती तर हेस्टरला दुकानाला कुलूप घालावं लागलं असतं. हे गावाला ठाऊक होतं, हेस्टरला तर होतंच.

आणि एके दिवशी इमोजेन स्टेकची आख्खी पेटी परत घेऊन आली.

"हेस्टर, रागावू नका, पण चरबी बघा. पिवळीधमक आहे. म्हातारं जनावर दिलंत का?"

"गवत खाल्लेल्या जनावराची चरबी पिवळीच असते. गवतातला रंग उतरतो तिच्यात. दाण्यावर पोसलं की पांढरी होते."

"पण हे बघा ना," म्हणत तिने पर्समधून सुपरमार्केटचं एक पाकीट काढलं. वर हिरवीगार टेकडी, आत दुधासारखी पांढरी चरबी. "यावरही कुरण लिहिलंय."

हेस्टरने चष्मा लावला. "लिहिलंय, कुरणात वाढवलेलं. अगं, कुरणात सगळीच वाढतात. वासरू काय जन्मल्याबरोबर दाणे मागतं? शेवटचे महिने काय खाल्लं ते विचार. त्याबद्दल यावर अवाक्षर नाही."

"आणि हे? नैसर्गिक?"

"मीही नैसर्गिक आहे. खाशील?"

इमोजेन हसली, पण पेटी ठेवून गेली. तेव्हापासून ती फक्त खिमा नेऊ लागली. जाताना म्हणाली होती, "स्टेकचं वसंतात बघू. चरबी जरा पांढरी मिळाली तर."

वसंतात लॉर्नच्या गोऱ्ह्याचं मांस दुकानात आलं. हेस्टरने पहिला काप दिला आणि सुरी तशीच धरून उभी राहिली. चरबी पांढरी होती. तिने तिथूनच भावाला फोन लावला.

"काय चारलंस?"

"गवत."

"लॉर्न."

"आणि बार्लीचे दाणे. या एकाच गोऱ्ह्याला, मागच्या कुरणात, हिवाळाभर. तिला पांढरी चरबी हवी आणि फळ्यावर गवत हवं. मी दोन्ही दिलं! तुझं दुकान वाचवतोय, हेस, आणि तू माझ्यावरच ओरडतेस?"

"अजून ओरडले कुठे," हेस्टर म्हणाली, आणि मग ओरडली. समोरच्या पोस्टातल्या बाई बाहेर येऊन उभ्या राहिल्या.

दुपारी इमोजेन आली. मांस बघून तिचा चेहरा उजळला. "हेच! बघा, हेच खरं गवतावरचं!"

हेस्टरने डोळे मिटले. हो म्हटलं असतं तरी कुणाला कळणार नव्हतं. दुकानाच्या कुलपाची किल्ली तिच्या एप्रनच्या खिशातच होती.

"ही बार्ली आहे," ती म्हणाली. "तू परत केलंस ना, ते गवत होतं."

तिने मागच्या शेगडीवर तवा ठेवला. नव्या मांसाचा एक तुकडा आणि गोठवून ठेवलेल्या पिवळ्यातला एक, दोन्ही नुसत्या मिठावर भाजले. इमोजेनने उभ्याउभ्याच खाल्ले. पांढरा मऊ लागला, हे तिने लगेच कबूल केलं. पिवळा मात्र ती बराच वेळ चावत राहिली.

"पांढराच द्या," ती शेवटी म्हणाली.

"देते. फळ्यावर बार्ली लिही."

"बार्ली लिहिलं तर माझ्याकडे येईल कोण?"

"मग नाही देत."

इमोजेन तणतणत निघून गेली. हेस्टरने आपल्या फळ्यावर खडूने लिहिलं : लॉर्नचा गोऱ्हा, शेवटी बार्लीवर. पोस्टातल्या बाईंनी ते वाचलं. "बार्ली? बरं झालं बाई, माझ्या दातांना सोसेल," म्हणून दोन स्टेक घेतले. पण गावात अशी गिऱ्हाइकं मोजकीच.

संध्याकाळी फोन वाजला.

"फळा पुसायचा नाहीये मला," इमोजेन म्हणाली. "पिवळंच पाठवा. दर आठवड्याला, आधीसारखं. फक्त चरबी काढून टाका. लोक घाबरतात हो."

त्या चरबीसाठी लॉर्न वर्षभर गुरं या टेकडीवरून त्या टेकडीवर हिंडवतो. हेस्टरच्या वडिलांनी ती आयुष्यभर पावावर मीठ घालून खाल्ली.

"काढते," ती म्हणाली. "पण वेगळ्या कागदात बांधून सोबत देईन. फेकायची तर तुझ्या हाताने फेक."

फोन ठेवून तिने सुरी घेतली आणि धार लावायला बसली.