दाद आधी, स्किट नंतर

"कुकर काढावा लागेल," चॅनेलच्या ऋचा मॅडम म्हणाल्या. "या आठवड्याचे स्पॉन्सर कुकरवाले आहेत."

माझ्या स्किटमध्ये कुकर फुटत होता. घरातले सगळे पळतात आणि आजी मात्र शांतपणे जेवत राहते. कुकर काढला तर स्किटच उरत नव्हतं. दुपारचे बारा वाजले होते. बोम्मसंद्र्याच्या शेडमधला आमचा सेट संध्याकाळी दुसऱ्या शोला द्यायचा होता.

नवीन स्किट मी लिहिलं असतं. विनोद लिहिणं आणि करणं हाच माझा धंदा. अडचण जजची होती. आमचे जज म्हणजे जुने विनोदी नट. ते सकाळी रिहर्सल पाहून महिनाभराच्या परदेशी शूटिंगला निघून गेले होते. जाण्याआधी त्यांचे रिअ‍ॅक्शन शॉट घेतले होते. स्किटच्या मधे मधे जजचा हसरा चेहरा दिसतो, तो असा वेगळा घेऊन नंतर जोडतात. हसू कुठेही जोडता येतं. पण त्यांनी कॅमेऱ्यासमोर दादही देऊन ठेवली होती : "सगळे पळाले, आजी तेवढी जागची हलली नाही. अगदी माझी आई!"

म्हणजे आता या दादेला शोभेल असं स्किट हवं होतं.

"राव, तासाभरात कर काहीतरी," प्रोड्यूसर नागराज सर म्हणाले.

"करतो. पण शेवटच्या पाट्यांत लेखक म्हणून माझं एकट्याचं नाव. दर एपिसोडला."

चार वर्षं तिथे 'लेखन : टीम' असं येत होतं. टीम म्हणजे मी आणि नागराज सरांचा मेहुणा. मी लिहायचो, तो समोसे मागवायचा.

"ही काय वेळ आहे का रे?"

"हीच आहे."

"तो पण आयडिया देतो की!"

माझं डोकं फिरलं. पॅड उचलून मेहुण्यापुढे आपटलं. "दे मग. आजी आहे, सगळे पळतात, कुकर नाही. लिही!"

मेहुण्याने पॅडकडे पाहिलं, मग समोशाकडे.

"दादा, स्वल्प शांत व्हा," ऋचा मॅडम म्हणाल्या. बाई पुण्याच्या, पण 'जरा'साठी कानडी 'स्वल्प' इथे येऊन शिकल्या. "नावाचं मी बघते ना."

"मेल पाठवा. आत्ता."

"माझ्यावर विश्वास नाही?"

"चार वर्षं होता, मॅडम."

नागराज सरांनी घड्याळ पाहिलं, मला एक शिवी घातली आणि म्हणाले, "सरी, ठीक आहे, पाठवा."

मेल आली. दोनदा वाचली. मग पेन उघडलं.

या धंद्यात येण्याआधी मी इथल्या, पुण्याच्या नव्हे, शिवाजीनगरात मिक्सर दुरुस्त करायचो. बंद मिक्सर उलटा करून खालून उघडतात. मीही शेवटाकडून सुरुवात केली. सगळे कशाला पळतील? व्हाइटफील्डचं अपार्टमेंट, फायर ड्रिल. अलार्म वाजतो, लॅपटॉप पोटाशी धरून अठरा मजले रिकामे होतात. गच्चीवर एकटी आजी पापड राखत बसलेली. सेक्रेटरी ओरडतो, "आजी, आग लागली असं समजा!" आजी म्हणते, "मग मी खाली आले असं समज."

पन्नास मिनिटांत लिहिलं. लुगडं नेसून आजी मीच केली. एकाच टेकमध्ये झालं. लाइटवाले हसू आवरायला तोंडात रुमाल कोंबून उभे होते.

एपिसोड लागला. शेवटी माझं नाव आलं, एकट्याचं. दोन सेकंद असेल. बायकोने टीव्ही थांबवून फोटो काढला.

महिन्याने जज परतले आणि त्यांचा फोन आला. "राव, एपिसोड पाहिला. त्या दिवशी समोर बसून पाहतानाही ही पापडवाली आजी बघून मी पोट धरून हसलो होतो, आठवतंय?"

"आठवतंय की, सर," मी म्हणालो.

मेहुणा अजून आहे. त्याचंही नाव येतं आता, 'खानपान व्यवस्था'खाली. ते मीच सुचवलं. नव्या लेखकांना एवढंच सांगतो : भांडायचं तर समोरच्याला घाई असताना भांडा, आणि मेल आल्याशिवाय पेन उघडू नका.