माझ्या अर्जातली प्रतिवादी

सरकारी नोकरीच्या परीक्षेतला प्रश्न साधा होता : यांपैकी कोणती नदी उल्हासची उपनदी नाही? पर्यायांत पेज होती, पाताळगंगाही होती. मी मोहोपाड्याची. पाताळगंगा आमच्या बाजूने वाहत थेट खाडीला जाते, उल्हासला ती कधी भेटत नाही. मी त्याच पर्यायाचा गोल रंगवला.

माझी मैत्रीण कशेळ्याची. कर्जतच्या अभ्यासिकेत आम्ही कित्येक वर्षं शेजारी बसलो, एका डब्यात जेवलो. परीक्षा देऊन बाहेर आली ती कपाळावर हात मारतच. "घाईत भलताच गोल रंगवला गं. पेज! घराजवळची नदी, नि तीच चुकले."

पहिल्या उत्तरतालिकेत माझं उत्तर बरोबर होतं. मग हरकती मागवल्या गेल्या आणि अंतिम तालिकेत बरोबर उत्तर म्हणून 'पेज' आली. का, ते कुठेही लिहिलेलं नव्हतं. माझे गुण गेले, वर चुकीच्या उत्तराची कपातही झाली. मी निवड यादीच्या बाहेर राहिले. ती यादीच्या तळाशी का होईना, आत गेली.

परीक्षा मंडळाने माझ्या पत्राला उत्तरच दिलं नाही, तेव्हा मी न्यायाधिकरणात अर्ज करायचं ठरवलं. वकीलबाई म्हणाल्या, "निवड झालेल्यांना प्रतिवादी करावं लागेल. त्यांचं ऐकल्याशिवाय त्यांची जागा कशी हलवणार?" मी आधी मैत्रिणीला फोन केला.

"घाल माझं नाव," ती म्हणाली. "खरं काय ते मला माहीत नाय काय?"

नोटीस तिच्या घरी पोचली आणि दुसऱ्याच दिवशी तिची आई आमच्या दारात. आत यायला तयार नव्हती. "आमच्या घरात जेवलीस ना गं? नि माझ्याच पोरीला कोर्टात उभी केलीस? तिला लागलेली नोकरी बघवत नाय तुला?"

पुढच्या तारखेला मैत्रिणीचं प्रतिज्ञापत्र आलं. मी ते बाहेरच्या बाकावर बसून वाचलं. 'तज्ज्ञांनी ठरवलेलं उत्तर योग्य असून मी ते विचारपूर्वक निवडलं होतं.' विचारपूर्वक! मी वकीलबाईंना खरं सांगितलं. त्या म्हणाल्या, "पुरावा काय?"

नकाशे दिले, शाळेच्या पुस्तकातलं पान दिलं. निकालात लिहिलं होतं की, तज्ज्ञांच्या मतावर आम्ही आमचं मत लादू शकत नाही, शिवाय नेमणुका होऊन गेल्या आहेत. अर्ज फेटाळला. तोवर माझी वयोमर्यादाही उलटली होती.

आता मी साजगावला एका कारखान्याच्या ऑफिसात आहे. मध्यंतरी कर्जतच्या स्टँडवर ती भेटली. जरा भरली आहे अंगाने.

"वकिलाने लिहिलं, मी नुसती सही केली गं," ती म्हणाली.

"वाचून केलीस ना?"

ती म्हणाली, "तू काय केलं असतंस?"

मी माझ्या एसटीत जाऊन बसले. एवढी वर्षं झाली, आता विसरून जा, असं घरचे सांगतात. मंडळावरचा राग खरंच ओसरलाय. तिच्यावरचा नाही.