शिडं शिवणाऱ्या म्हातारीचा भाग

आमच्या डबिंग स्टुडिओत तिला सगळे गर्दीबाई म्हणतात. पडद्यावर बाजार दिसला की त्यातली भाजीवाली ती, तिच्याशी हुज्जत घालणारं गिऱ्हाईक ती आणि मागे रडणारं तान्हं मूलही तीच. एकदा तर आगीला भिऊन पळणारं अख्खं गाव तिने एकटीने पळवलं होतं. बावीस वर्षं ती माइकसमोर उभी आहे, पण पडद्यावर ज्याचा चेहरा नीट दिसतो असं एकही पात्र तिच्या वाट्याला आलं नव्हतं. थोरली बहीण फोनवर हटकून विचारायची, "काय गं, तुझ्या आवाजाला तोंड कधी मिळणार?"

मी तिथे वेळापत्रक बघतो. शिक्षण कॉमर्सचं, स्वभाव रकाने आखण्याचा, निवृत्तीला आता आठ महिने उरलेले.

एका चॅनेलसाठी आम्ही जपानी ॲनिमे मालिका आपल्या भाषेत करत होतो. हरवलेलं बेट शोधायला जहाज घेऊन निघालेल्या पोरांची ही गोष्ट. भाग अठ्ठ्याहत्तर. एकतिसाव्या भागात वादळात शीड फाटतं आणि पोरं एका लहानशा गावात थांबतात. तिथली एक म्हातारी शीड शिवून देते, जहाज निघतं आणि म्हातारी पुन्हा कधीच दिसत नाही. अशाला आमच्याकडे भरतीचा भाग म्हणतात. मोठ्या कलाकारांना त्यात रस नसतो, म्हणून ती म्हातारी गर्दीबाईला मिळाली. तिने इमारतीतल्या प्रत्येक दारावर जाऊन सांगितलं, अमुक रविवारी दहा वाजता. बहीण खास सुट्टी काढून राहायला आली.

आणि मी तो भाग गाळला.

भाग अठ्ठ्याहत्तर होते, चॅनेलने रविवार दिले होते सत्त्याहत्तर. मी तक्ता केला, त्यात एक रकाना 'कथा पुढे सरकते का?' असा ठेवला आणि भागांचे सारांश वाचून तो भरला. एकतिसाव्यासमोर 'नाही' आलं. प्रत्यक्ष भाग एकही बघितला नव्हता. तिसाव्यानंतर बत्तिसावा लागला, कुणाला काही खटकलं नाही. मला तर माझ्या कामाचं कौतुकच वाटलं. बाईंना कळवायचं राहिलं, असं मी स्वतःला सांगतो. खरं म्हणजे ते माझ्या डोक्यातच आलं नाही.

सोमवारी ती माझ्या टेबलापाशी उभी राहिली.

"साहेब, काल आपली म्हातारी आलीच नाही."

मी कागदावरून नजर न काढता म्हणालो, "फाइल खराब झाली, बाई. आयत्या वेळी कळलं."

खोटं इतक्या सहज आलं की माझं मलाच आश्चर्य वाटलं.

"अगं बाई! मग एवढं तोंड का पाडून बसलात? मी पुन्हा बोलते की. सगळं तोंडपाठ आहे मला." मग हसून म्हणाली, "ताई बिचारी शेवटपर्यंत बघत बसली. म्हणते, त्या आरडाओरड्यात तरी होतीस का? तुम्ही नका मनाला लावून घेऊ."

उलट तीच माझी समजूत काढत होती. खरं सांगायचं तर तेव्हाच सांगायला हवं होतं. मी म्हणालो, "बघतो."

चॅनेलला फोन केला. पुढची मालिका आठवडाभर उशिरा सुरू केली तर चालेल का? "चालेल की," ते म्हणाले. बोलणं दोन मिनिटांत संपलं. हाच फोन मी आधीही करू शकलो असतो.

रेकॉर्डिस्टच्या मशीनमध्ये बाईंच्या पहिल्या रेकॉर्डिंगची फाइल धडधाकट होती. "साहेब, फाइल तर..." त्याने सुरुवात केली.

"माहीत आहे मला."

त्याने एकदा माझ्याकडे बघितलं. मग माइक बाईंच्या उंचीला लावला.

काचेपलीकडे बसून मी तो भाग पहिल्यांदा बघितला. त्यात ना शत्रू, ना लढाई. तलवारी भिंतीला टेकवून पोरं अंगणात बसलेली. एक झोपलाय, एक शिडाचं टोक धरून कंटाळलाय आणि त्यांचा शूर म्होरक्या दोऱ्याचं टोक पुन्हा पुन्हा जिभेने ओलं करतोय. म्हातारी त्याला म्हणते, "जग वाचवायला निघालास आणि सुईत दोरा ओवता येईना?" तो हसतो. सारांशात हे हसणं नव्हतं. एरवी सगळीकडे घाईत असलेली ती पोरं इथे मला पहिल्यांदा कुणाच्या तरी घरातली वाटली. गर्दीबाई हातात कागद न घेता बोलत होती, एका हाताने हवेत टाके घालत होती. म्हातारीने शेवटी दोरा दाताने तोडला तेव्हा मी चष्मा पुसायचं निमित्त केलं.

जवळजवळ वर्षभराने मालिका संपली आणि पुढच्या रविवारी तो भाग लागला. आधीचं-नंतरचं काही अडत नव्हतं, कुठेही बसला असता. ताई केव्हाच आपल्या गावी परतली होती आणि तिकडे हे चॅनेल दिसत नाही.

"मी फोन टीव्हीजवळ धरून बसले," सोमवारी गर्दीबाई सांगत होती. "आमची ताई अर्धा तास गप्प, साहेब! आमची ताई! शेवटी म्हणाली, आई शिवताना अश्शीच बोलायची गं." मग आवाज उतरवून म्हणाली, "खरं सांगू? पहिल्या खेपेला मी घाबरून भराभर बोलले होते. ती फाइल खराब झाली ते बरंच झालं."

मी म्हणालो, "हो."

रेकॉर्डिस्ट दाराशी केबल गुंडाळत होता. त्याने मान वर केली नाही.