डाळिंबाचे दाणे आणि पुढची सतरंजी

रशीदाबाई खोत यांची आणि माझी पहिली ओळख त्यांच्या आवाजाने करून दिली. भिवंडीच्या नारपोलीत आमच्या गल्लीच्या टोकाला त्यांचा रिकामा कारखाना होता. आतले कापड विणायचे लूम कधीच विकले गेले होते, एक मोडका तेवढा कोपऱ्यात उरला होता. शनिवारी दुपारी तिथे एक निवृत्त शिक्षिका मुलींना गोष्टी वाचून दाखवतात, एवढेच मी ऐकून होते. दारात पोचले तेव्हा शेजारच्या शेडमधल्या खडखडाटावर आवाज चढवून बाई वाचत होत्या. मी पायातली चप्पल काढायचे विसरले आणि तशीच सतरंजीवर बसले. बाईंनी वाचता वाचता नुसते पायांकडे पाहिले. मी चप्पल काढून आले.

आज बाईंच्या किशोर कादंबऱ्या सर्वांना ठाऊक आहेत. त्यांची नायिका जुई पंधरा वर्षांची, नारपोलीची, अत्यंत फटकळ. मोडक्या लूममागून ती थेट प्राचीन ग्रीसमध्ये उतरते आणि तिथल्या देवांशी, राजांशी वाद घालते. भिवंडीत बसून ग्रीस कशाला, असे विचारणारे पुष्कळ भेटत. बाई हसून म्हणत, "परक्या देवांशी मनसोक्त भांडता येतं. घरचे रागावत नाहीत." त्यांचा हा अंदाज एकदाच साफ चुकला, आणि तो माझ्या घरापाशी.

बाईंची काम करण्याची रीत सांगितल्याशिवाय पुढचे कळणार नाही. कोणतेही प्रकरण मुलींना वाचून दाखवल्याशिवाय त्या छापायला देत नाहीत. ज्याला हरकत असेल त्याने पुढच्या सतरंजीवर यायचे, प्रकरण पूर्ण ऐकायचे आणि मगच बोलायचे. मात्र मूळ कथेचा शेवट बदलून मिळत नाही. भुलभुलैयात उतरलेल्या वीराला दोरा देऊन वाचवणाऱ्या राजकन्येला तोच वीर बेटावर टाकून निघून जातो, हे ऐकून आम्ही सगळ्याजणी बिथरलो होतो. आमच्यातली शबनम तर उभी राहून म्हणाली, "बाई, ये गलत है, इसको बदलो." बाई म्हणाल्या, "गलत आहे, म्हणूनच बदलणार नाही. जुईला चिडू दे, तुम्हीही चिडा. पण तुम्हाला बरं वाटावं म्हणून मी पुराण गोड करणार नाही."

मी दहावीत असताना माझ्या बाबांनी माझे लग्न ठरवले. मुलगा कशेळीचा, घरची गोदामे, नात्यातला नाही पण ओळखीतला. परीक्षा झाली की साखरपुडा, मग शाळा बंद, आणि अठरा पूर्ण झाली की लग्न. आईला हे बाबा शब्द देऊन आल्यावर कळले. मला तर आईकडून कळले.

आम्हाला एकटीने पाठवत नसत म्हणून आयाही वाचनाला येत. त्या शनिवारी बाईंनी धान्याच्या देवीचे प्रकरण वाचले. तिच्या मुलीला पाताळाचा राजा उचलून नेतो. बापाची आधीच संमती असते, आईला मात्र कोणी विचारलेले नसते. मग ती देवी पृथ्वीवर काहीच उगवू देत नाही. माझी आई दाराशी बसली होती. घरी जाऊन तिने गॅस पेटवला नाही. दुसऱ्या दिवशीही नाही. भांडली नाही, रडली नाही, नुसती बसून राहिली. वडापाववर दिवस काढून बाबांचा पारा चढला, आणि पुढच्या शनिवारी ते कारखान्याच्या दारात उभे राहिले.

"तुमचे गोष्टीनं माझे घरान चूल पेटत न्हाय! पोरगी माझी हाय, ती तुमचे पुस्तकातली न्हाय!"

बाबा आता वाचन बंद पाडणार आणि मला कायमची घरी नेणार, याबद्दल मला शंका नव्हती. बाईंनी चष्मा काढून पुसला आणि पुढची सतरंजी दाखवली. "हरकत आहे ना? या, बसा. आधी ऐकायचं, मग बोलायचं. आमच्याकडे सगळ्यांना हाच नियम आहे."

बाबा का बसले ते त्यांनाही आजवर सांगता आलेले नाही. बाईंनी प्रकरण पहिल्यापासून वाचले. आई दाराशी, मी भिंतीशी, बाबा सर्वांत पुढे. देवीला मुलगी परत मिळाली, पण मुलीने पाताळात डाळिंबाचे दाणे खाल्ले होते, म्हणून वर्षातला काही काळ तिला तिथे परत जावेच लागले, इथे प्रकरण संपले. बाबांचा चेहरा एकदम उजळला.

"मंग बरोबर हाय! थोरा तिथं, थोरा इथं. साखरपुडा उरकून घेऊ, कालेज पन करू दे. तुमचेच गोष्टीन हाय!"

मूळ शेवट बदलत नाही हे बाई आम्हाला वर्षभर बजावत आल्या होत्या, आणि आता तोच शेवट बाबांच्या हातात होता. मी बाईंकडे पाहिले. मला त्यांचा राग आला होता, हे आज लिहायला हरकत नाही.

बाई सावकाश म्हणाल्या, "शेवट तोच आहे, दादा. मी बदलत नाही. पण ती परत गेली, कारण तिनं दाणे खाल्ले होते. तुमच्या मुलीच्या तोंडात अजून साखर पडलेली नाही. तिनं काहीच खाल्लेलं नाही."

बाबा बराच वेळ सतरंजीची दशी ओढत बसले. मग मागे न वळताच त्यांनी आईला विचारले, "तुझा काय म्हनना हाय?"

"पोरीला इचारा," आई म्हणाली.

मी म्हणाले, "मना शिकायचा हाय." त्या रात्री आमच्या घरी गॅस पेटला. कशेळीला नकार कळवायला बाबा स्वतः गेले, आणि तिथे त्यांनी बरीच बोलणी खाल्ली.

बाईंच्या लेखनाची थोरवी समीक्षक सांगतीलच. माझ्यापुरते सांगते. मी आज इतिहास शिकवते. पुढे माझ्या पसंतीने माझे लग्न ठरले, तेव्हा साखरपुड्याला बाबांनी साखर हातात धरून भर मांडवात मला विचारले, "खातंस का गो?" मी हो म्हटल्यावरच त्यांनी हात पुढे केला. आजही ते शनिवारी पुढच्या सतरंजीवर बसतात आणि प्रत्येक प्रकरणाला हरकत घेतात.

बाईंना आता पंचाहत्तरावे लागले आहे आणि त्यानिमित्त आम्ही त्यांचा सत्कार करतो आहोत. जुईच्या शेवटच्या भागाची त्यांनी अजून एक ओळही वाचून दाखवलेली नाही, आणि आम्हाला घाई नाही. त्यांना मधुमेह आहे, म्हणून सत्काराच्या दिवशी पेढ्यांऐवजी मी डाळिंब सोलून आणणार आहे. बाईंनी निरोगी राहावे, खूप जगावे, आणि ते दाणे आमच्यासमोर खावेत. नारपोलीला कोणी पाताळ म्हणाले तरी चालेल. एकदा दाणे खाल्ले की त्यांना दर वर्षी आमच्याकडे परत यावेच लागेल, आणि हा शेवट त्या स्वतःही बदलू शकणार नाहीत.