दोन पक्षांचा सरपंच

ग्रामपंचायतीच्या निवडणुकीत पक्षाचं चिन्ह नसतं. त्यामुळे निकालाच्या संध्याकाळी मुरबाडमध्ये प्रत्येक पक्ष जिंकलेला असे. नव्वदच्या दशकात मी तिथल्या बातम्या पाठवायचो. तालुकाध्यक्षांनी दिलेल्या आकड्यांची बेरीज केली, की तालुक्यात आहेत त्यापेक्षा जास्त ग्रामपंचायती भरत.

वैशाखरेच्या बाजूच्या एका गावात सात जागा होत्या. दोन्ही पॅनेलला तीन-तीन मिळाल्या. सातवी बौद्धवाडीतल्या एका अपक्ष बाईंना. सरपंच सदस्यांनी हात वर करून निवडायचा होता. म्हणजे तो बाईच ठरवणार होत्या. त्यांची मागणी एकच होती, डोंगरातल्या झऱ्याचं पाणी वाडीपर्यंत आणा. वाडीतल्या बाया हंडे घेऊन ओढ्यावर जात.

एका पॅनेलच्या प्रमुखाने टेम्पोभर काळ्या पाईपची भेंडोळी वाडीत उतरवली.

"आधी जमिनीत गाडा, मग हात वर करते," बाई म्हणाल्या.

"अवो ताई, पाईप काय पलून जातील?"

बाईंनी हात वर केला. तो सरपंच झाला. त्याच दुपारी त्याने दोन पक्षांच्या कार्यालयांत सत्कार घेतले. दुसरीकडे जाताना पहिला हार जीपमध्ये काढून ठेवण्याइतकी सभ्यता त्याच्यापाशी होती. दोन्ही पक्षांनी ती ग्रामपंचायत आपल्या खात्यात धरली.

आठवड्याभराने मी पाण्याची बातमी करायला वाडीत गेलो, तेव्हा तोच टेम्पो पाईप परत न्यायला आला होता. बाई भेंडोळ्यावर बसल्या होत्या.

"उठा मावशी. पाईप दुकानातनं भाड्यानं आनलेले हायेत. आता पुढच्या गावाला टाकायचेत, तिकडं सरपंच निवडायचाय."

"पाईप दुकानदाराचे, तर सरपंच कोनाचा रे?"

"त्याचं अजून ठरलं नाय," ड्रायव्हर म्हणाला. तालुक्याच्या राजकारणाचं इतकं अचूक विश्लेषण मला कुठल्याही नेत्याकडून मिळालं नाही.

बाई उठल्या नाहीत. बाकीच्या भेंडोळ्यांवर आणखी बाया येऊन बसल्या. टेम्पो रिकामा गेला आणि वाडीने त्याच दिवशी चर खणायला घेतला. दुकानदाराने पाईपची किंमत सरपंचाकडून वसूल केली. पाच वर्षांत त्याच्या खिशातून गावासाठी झालेला तेवढाच खर्च.

पुढच्या निवडणुकीपर्यंत तो तिसऱ्या पक्षात गेला होता. त्याच्या पत्रकात पहिलंच काम छापलं होतं: बौद्धवाडीची नळयोजना. ते पत्रक द्यायला तो स्वतः वाडीत आला. बाईंनी ते घेतलं, घडी केली आणि गळणाऱ्या नळाच्या आट्यात कोंबलं.