खुर्ची धरून बसलेल्या सासूबाई

मुंबईत टीव्ही मालिकांसाठी मेकअप करत मी नऊ वर्षं काढली. तिथं एक सवय अंगी मुरली: खुर्चीत जो बसेल त्याचा चेहरा रंगवायचा, चौकशा करायच्या नाहीत. गावी, मंठ्याला परतल्यावर पहिलं मोठं काम मिळालं ते नवीन जालन्यातल्या विवाहित बायकांच्या सौंदर्यस्पर्धेचं. मंगल कार्यालयातल्या एका खोलीत मी आरसा आणि दिवे मांडले.

तीन जणींचं आटोपलं आणि साठीच्या एक बाई खुर्चीत येऊन बसल्या. डोक्यावर पदर, मांडीवर पिशवी. ज्येष्ठ गटातल्या असतील, असं धरून मी फाउंडेशन लावायला घेतलं.

"पहिलीच वेळ का, मावशी?"

"हाव. पाय दुखून राह्यले, म्हणून टेकले जरा."

मला वाटलं, घाबरल्यात. मी धीर दिला. त्यांनी निमूट डोळे मिटले. नकली पापण्या चिकटवल्या तेव्हा मात्र म्हणाल्या, "डोळ्यावर छप्पर कामून टाकलं, बाई?"

लिपस्टिक लावून होते न होते तोच दार उघडलं. साडी बदलून आलेली एक तरुणी उंबऱ्यातच थबकली. पदरावर चार नंबरचा बिल्ला.

"आत्याबाई, मी तुम्हाला खुर्ची धरून ठेवा म्हणलं होतं."

"धरूनच बसले ना. या बाईनं रंगवायला घेतलं. मला वाटलं, सोबत आलेल्यांनाबी करतेत."

स्पर्धक या सूनबाई होत्या, आणि मी त्यांच्या सासूबाईंना रंगवून बसले होते. मला धरणी पोटात घेईल तर बरं, असं झालं. सूनबाईंसाठी दहा मिनिटं उरली होती. पावडर, काजळ आणि लिपस्टिक एवढ्यावरच त्या स्टेजवर गेल्या, आणि तरी त्यांचा दुसरा नंबर आला.

सासूबाई पहिल्या रांगेत बसल्या होत्या. कॅमेरावाला सारखा त्यांच्याकडंच वळत होता. शेवटी प्रमुख पाहुण्यांनी खाली येऊन त्यांना हात जोडले. "सध्या कुठल्या मालिकेत असता?"

"सध्या घरीच असते," सासूबाई शांतपणे म्हणाल्या. पाहुण्यांनी हातातला गुच्छ त्यांनाच देऊन टाकला.

दुसऱ्या दिवशी सकाळी सूनबाईंचा फोन आला. "ताई, आत्याबाईंनी तोंड धुतलं न्हाई. दूधवाल्यानं विचारलं, घरी पाहुण्या कोण आल्यात?"

मी सांगितलं, खोबरेल तेल लावा, मऊ कपड्यानं पुसा, सगळं निघेल. पलीकडं कुजबुज झाली. मग सासूबाईच फोनवर आल्या.

"रविवारी बदनापूरला माहेरी जायचंय. तवर टिकंल का?"