मामांचं एकुलतं एक नाटक

एकट्या माणसाला रंगभूमीचं जेवढं म्हणून नुकसान करता येईल, तेवढं आमच्या बायकोच्या मामांनी करून ठेवलं आहे. धारवाडच्या कचेरीत कारकुनी करता करता त्यांनी एक पाच अंकी नाटक लिहिलं आणि निवृत्त झाल्यावर ते अळणावरजवळच्या एका खेड्यावर सोडलं. 'खेड्याला कला पाहिजे, जावईबापू!' असं म्हणत दर रविवारी ते आपली पेटी माझ्या गाडीत टाकायचे. खेड्याला पाणी पाहिजे, बस पाहिजे. कला पाहिजे म्हणून कुणी अर्ज केल्याचं माझ्या ऐकिवात नाही. सात वर्षं तेच नाटक, तेच नट. राजाचा शेला म्हणजे दाजीबानपेठेत घेतलेलं पडद्याचं कापड. राणीला दर प्रयोगाआधी दाढी करावी लागते. मामा गायला लागले की गोठ्यातल्या म्हशीसुद्धा तोंड फिरवतात. नवं नाटक घ्या म्हटलं तर उत्तर ठरलेलं, 'हे अजून बसलं कुठं?'

बसणार कसं? राजा आणि त्याचा धाकटा बंधू या भूमिका मामांनी दोन सख्ख्या भावांना दिल्या, आणि ते दोघे बांधावरच्या एका फणसापायी दहा वर्षं एकमेकांशी बोलत नाहीत. भिंतीला भिंत लागून घरं, पण निरोप जातो तो शेजारणीकरवी. नेमकी हीच जोडी निवडायला मामांचंच डोकं हवं.

गेल्या वर्षी एका तालमीत राजाने विचारलं, 'बंधो, भोजन झाले काय?' धाकट्याने म्हणायचं, 'आपणावाचून घास कसा उतरावा?' तो गप्प. मामा ओरडले, 'मत्तोम्मे! परत एकदा!' राजाने पुन्हा विचारलं. पुन्हा गप्प. पाच वेळा थोरल्याने जेवणाची चौकशी केली, शेवटी तर पुस्तकी भाषा सोडून, 'जेवलास काय रे?' अशी. धाकटा आपला मान खाली घालून उभा. माझा संताप संताप झाला.

परतताना मी म्हणालो, 'मामा, सात वर्षांत एक वाक्य पाठ होईना त्या ठोंब्याला?'

'पाठ आहे की रे,' मामा म्हणाले. 'राणीची भाषणंसुद्धा पाठ आहेत त्याला. पण ते वाक्य बोलला की प्रवेश संपतो. मग थोरला परत कधी विचारणार त्याला?'

लाज वाटली मला.

यंदा मामांचे गुडघे गेलेत. तालमीला मी एकटाच जातो. नाटकातलं मला ओ की ठो कळत नाही. नुसती वही घेऊन बसतो. धाकटा अडला की पुढची ओळ मला दिसत असते, पण मी ती सांगत नाही.